अक्षरे परतली

गोदाकाठच्या सोनगव्हाण गावच्या मठात विमलनाथ महाराज चातुर्मासासाठी उतरले होते, तेव्हाची ही गोष्ट. त्या गावी अनंतशास्त्री आराध्ये नावाचे थोर पंडित राहत. जगातले यच्चयावत ज्ञान एका छपराखाली आणायचे, हा त्यांचा ध्यास. काशी-रामेश्वर पालथे घालून, प्रसंगी उपाशी राहून त्यांनी पोथ्या मिळवल्या, विषयवार लावल्या. तपश्चर्या मोठी, पण तिला गर्वाची कीड लागली. पोथीला दुसऱ्याचा हात लागलेला त्यांना खपेना.

एके सकाळी रखमा कुंभारीण त्यांच्या दाराशी आली. ती महाराजांची भोळी भक्त. कडेवर तापाने फणफणलेली लेक.

"शास्त्रीबाबा, हिच्या तापावर पोथीत काही असंल तर वाचून सांगा. महाराजांनीच धाडलंय मला."

शास्त्री हसले. "तुझे महाराज एवढे समर्थ, तर लावू देत अंगारा! पोथ्या काय मी कुंभारवाड्यासाठी जमवल्या?"

त्यांनी दार लोटले. आत येऊन सवयीने एक पोथी सोडली, आणि पाहतात तो पान कोरे! दुसरी सोडली, तिसरी सोडली. सगळ्या कोऱ्या! जन्माची कमाई डोळ्यांदेखत पुसली गेली होती. शास्त्री अनवाणीच मठाकडे धावले. तिथे रखमा लेकीला मांडीवर घेऊन रडत होती. पोरीची शुद्ध हरपत चालली होती.

"महाराज, माझं सर्वस्व गेलं हो!"

महाराज म्हणाले, "गेलं नाही, शास्त्रीबुवा. कोंडल्या जागी दिवा विझतो, तशी अक्षरं विझली. वैद्यकाची पोथी आणा आणि या माउलीला वाचून दाखवा."

"कोरं पान वाचू कसं?"

"तिच्यासाठी वाचायचं, एवढं मनात धरा."

शास्त्र्यांनी पोथी आणली, पान समोर धरले. रखमेच्या डोळ्यांतले पाणी त्यांनी आज प्रथमच पाहिले. त्यांचे ओठ हलले, आणि काय नवल! पूर्वेला तांबडे फुटावे तशी पानावर ओळ उमटली. वाचावी तो पुढची उमटे. मठातली माणसे पाहायला भोवती गोळा झाली. तापावरचा काढा तिथे सांगितला होता. महाराजांनी तो स्वहस्ते पाजला. दिवस कलायच्या आत ताप उतरला आणि पोर म्हणाली, "आये, भूक लागली."

शास्त्र्यांनी महाराजांच्या चरणी डोके ठेवले. महाराजांनी त्यांना प्रेमाने उठवले. "पोथ्या जमवल्यात, हे फार मोठं काम केलंत. मागेल त्याला वाचून दाखवत चला. बाकीचीही पानं भरतील. पण आज अक्षरं परतली ती या माउलीच्या हाकेनं."

तेव्हा साऱ्या गावादेखत शास्त्र्यांनी रखमेपुढे लोटांगण घातले.

"अवं बाबा, हे काय!" ती बिचारी मागे सरली.

"माउली," शास्त्री म्हणाले, "पोर हिंडू-फिरू लागली की पाठव तिला. अक्षरं गिरवायला शिकवीन."