थांबलेल्या नदीचा तिसरा कौल

एका राज्यात भर दुपारी नदी थांबली. आटली नव्हे, गोठली नव्हे, थांबली. वाहत होती तशीच, लाटांसकट उभी राहिली. उडी मारलेला मासा उडीतच राहिला. घाटावर एका बाईने घागर बुडवायला घातली, तर ती ठण्णकन वाजली आणि तिला पोचा पडला. बाईने नदीकडे पाहिलं, घागरीकडे पाहिलं, आणि दोष नवऱ्याला दिला.

पण दोष होता राजा वज्रकेतूचा. राजा वाईट नव्हता. फक्त राज्यातली प्रत्येक गोष्ट तो एकटा ठरवत असे. पेरणी कधी, लग्नं कधी, लोणच्यात मीठ किती, सगळं. आंबा कधी पिकावा याचाही हुकूम निघे, आणि आंबे बिचारे तो पाळत. एके दिवशी दरबारात धूम्रनाथ नावाचा मांत्रिक आला. त्याने नमस्कार केला आणि विचारलं, "महाराज, हुकूम काढण्याआधी आपण कोणाला विचारता?"

"आरशाला," राजा म्हणाला.

मांत्रिकाने चिमूटभर राख फुंकली. सिंहासनावरचा राजा नाहीसा झाला आणि सिंहासनाच्या पाठीवर एक हिरवा तांबट पक्षी दिसू लागला, कपाळावर लाल टिळा, छाती फुगलेली. बोलणं राजाचंच होतं, आवाज तेवढा बारीक झाला होता. त्याच घटकेला नदी थांबली.

मांत्रिक नदीकाठी गेला, घोंगडी अंथरून बसला आणि भाजलेले हरभरे खात त्याने शाप सांगितला. नदी सुटली की पहिले तीन दिवस पाणी एकाच पाटाने जाईल, मग सगळ्यांना. ते पहिलं पाणी कोणाला, एवढंच राज्याने ठरवायचं. उत्तर द्यायला तीन संधी. जे उत्तर हरलेलाही मनापासून आपलं म्हणेल, त्यालाच नदी वाट देईल. तिन्ही चुकली तर नदी कायमची दगड आणि राजा कायमचा तांबट.

ही बातमी टोकवाडीला पोचली ती सगळ्यांच्या मागून. टोकवाडीला सगळंच सगळ्यांच्या मागून पोचे. गाव पाटाच्या अगदी शेवटाला होतं. तिथे येसू नावाची पाटकरीण होती. कोणाच्या शेताला पाणी कधी आणि किती, हे ठरवून पाटाची दारं धरायचं, म्हणजे उघडायचं-बांधायचं, काम तिचं. खांद्यावर फावडं, कमरेला ओचा, आणि आवाज असा की तीन शेतांपलीकडचा आळशी उठून बसे. टोकवाडीची ज्वारी पोटरीत आली होती, कणसं बाहेर पडायच्या बेतात होती. अजून आठ दिवस पाणी मिळालं नाही तर गाव उठून परमुलखात जाणार, हे येसूला कोणी सांगायची गरज नव्हती. तिने ज्वारीचं एक सुकलेलं ताट मुळासकट उपटून खांद्यावर घेतलं, नवऱ्याला, रायबाला, सोबत घेतलं आणि ती राजधानीकडे निघाली. मागोमाग गावही निघालं.

ती पोचली तेव्हा पहिला कौल चालू होता. प्रधान सोमाजीपंतांनी जाहीर केलं होतं की राज्यात आजपासून बहुमत. आता बहुमत मोजायचं कसं? या राज्याची रीत अशी की माणूस मोजायचा तो पागोट्यावरून. म्हणून पागोटी मोजायची ठरली. बायकांना पागोटं नाही, म्हणजे त्या नाहीत. धनगराला मुंडासं, ते अर्धं. आणि पेठेतले एक शेटजी एकावर एक सात पागोटी चढवून आले, तर कारकुनाने मान वर करकरून सात लोक लिहिले. मोजणीत राजधानी जिंकली. मग शिपायांनी सगळ्यांकडून "आमचाच कौल!" असं तीनदा ओरडून घेतलं. नदीने ऐकलं. नदी तसूभरही हलली नाही. नुसत्या गळ्याने म्हटलेलं तिला कळत होतं.

दुसऱ्या कौलाला प्रधानजींनी दिशा बदलली. लोक अडाणी, ते काय ठरवणार, असं म्हणून त्यांनी सात शास्त्र्यांना एका दालनात बसवलं. शास्त्री तीन दिवस बसले. भाताचे अकरा हंडे आत गेले. चौथ्या दिवशी ते बाहेर आले आणि म्हणाले की पाणी कोणाला द्यावं हा प्रश्न गौण असून पहिलं म्हणजे काय, हे आधी ठरलं पाहिजे. त्यावर आमचं एकमत आहे. हे ऐकून नदी वीतभर उलटी सरकली. उडीतला मासा शेपटीकडून मागे गेला, आणि त्याच्या तोंडावर जे भाव होते ते सगळ्या घाटाने पाहिले.

राहिला एक कौल. आता गंमत बघा. पहिल्या दोन कौलांना पुढे जायला मानकऱ्यांची रेटारेटी झाली होती. तिसऱ्याला कोणी पुढे होईना. एकाची कंबर धरली, एकाची सासू आजारी पडली. नदी दगड झाली तर नाव कोणाचं लागणार, हा विचार सगळ्यांना एकदम सुचला. तेव्हा येसू ताट घेऊन पुढे झाली आणि म्हणाली की तिसरा कौल मी घेते.

सोमाजीपंतांचा चेहरा उजळला. त्यांनी स्वतःच्या हाताने तिला राजदंड दिला आणि कारकुनाला ठळक अक्षरात तिचं नाव लिहायला सांगितलं.

"बाई, तुला राज्य चालवायची काय माहिती?" तांबट म्हणाला.

"काही नाही, महाराज," येसू म्हणाली. "मला पाट चालवायची माहिती आहे. पाटाचं पाणी शेवटाकडून द्यायचं असतं. वरच्याला आधी दिलं की तो पोट फुटेस्तोवर घेतो आणि खालच्याला चिखलसुद्धा उरत नाही. खालच्याला आधी दिलं की वरचा डोळ्यांत तेल घालून पाट राखतो, कारण त्याची पाळी अजून यायची असते."

"मग?"

"मग बोलणंही तसंच देऊ."

तिने सभा नदीकाठी, कोरड्या पाटांच्या तोंडाशी भरवली, सिंहासनही तिथेच आणवलं, पागोटी आणि मुंडाशी वडाखाली काढून ठेवायला लावली. ढिगात कोणाचं कुठलं ते कळेना, आणि बोडक्या डोक्यांमध्ये शेटजी सापडेनात. मग नेम सांगितला: शेवटच्या रांगेतला आधी बोलेल, सिंहासन सगळ्यांत शेवटी. आणि प्रत्येकाने आपलं सांगण्याआधी आधीच्याची अडचण त्याला पटेल अशी सांगून दाखवायची. आजवर या राज्यात पहिला मोठा माणूस बोलला की उरलेले "तसंच, तसंच" म्हणत खाली बसायचे. आता मागच्याचं ऐकल्याशिवाय पुढच्याला तोंड उघडता येईना. सोमाजीपंतांना एका मडकेवाल्याची अडचण सांगायला चार वेळा उभं राहावं लागलं. तीनदा मडकेवाला म्हणाला, "नाही पंत, पुन्हा." चौथ्यांदा पंतांना ती खरोखरच कळली.

येसूने टोकवाडीची ज्वारी सांगितली. ताट हातोहात फिरलं. बायका हळहळल्या. तिला वाटलं, जिंकलं.

तेवढ्यात गोठण्याची बायजाक्का उठली. गोठण्याच्या कुरणात साऱ्या राज्याची गुरं चरायला असत. बायजाक्काने आधी ज्वारीचं दुःख असं सांगितलं की येसूलाच भरून आलं. मग ती म्हणाली की विहिरी तळाला गेल्यात, जनावरांना दिवसाआड एक बादली मिळते, आणि काल एका म्हशीने बादली चाटून झाल्यावर माझा हात चाटला. एवढंच म्हणून ती बसली.

मग येसूने सगळ्यांना सांगितलं की ज्याला जो पाट पटेल त्याने त्या पाटात उभं राहायचं. बायका, धनगर, शास्त्री, शेटजी, एका माणसाचं एकच डोकं. तांबट उडून एकटाच राजवाड्याच्या कमळतळ्याच्या पाटात जाऊन बसला.

मोजणी झाली. राजधानीचा पाट निम्मा रिकामा. टोकवाडीचा भरलेला. आणि गोठण्याच्या पाटात टोकवाडीपेक्षा चौदा डोकी जास्त. येसूने त्या डोक्यांकडे नीट पाहिलं. त्यातली वीसेक तिच्याच गावची होती, आणि सगळ्यांत पुढे, पायावर पाय टेकून, रायबा.

"धनी," येसू म्हणाली, "वाट चुकलात का?"

"वाट नाही चुकलो," रायबा म्हणाला. "ज्वारी पुन्हा पेरता येते गं. म्हैस पेरता येत नाही."

सभेत खसखस पिकली. येसूच्या कानाशी पंख वाजले. तांबट तिच्या खांद्यावर येऊन बसला होता.

"हाक मार त्यांना," तो बारीक आवाजात म्हणाला. "तुझ्याच गावचे आहेत. दंड तुझ्या हातात आहे. वीस माणसं दोन पावलं मागे आली की तू जिंकलीस, तुझं गाव राहिलं. मी असतो तर केव्हाच मारली असती."

येसूने तोंड उघडलं. तिची एक हाक पुरली असती, हे तिला ठाऊक होतं. तिच्या हाकेला टोकवाडीत आजवर कोणी नाही म्हटलं नव्हतं. तिच्या डोळ्यांपुढे पोटरीतली ज्वारी आली. तीन दिवस उशीर म्हणजे निम्मं पीक गेलं. तिने रायबाकडे पाहिलं. रायबा तिच्याकडेच बघत होता, घाबरलेला, पण पाय जागचे न हलवता. बावीस वर्षांच्या संसारात हा माणूस पहिल्यांदाच तिच्या विरुद्ध बाजूला उभा होता, आणि त्याचं म्हणणं खरं होतं.

येसूने तोंड मिटलं.

आता हा कौल आपला की परका, हे प्रत्येकाने सांगायचं होतं. तेही तिच्याच नेमाने शेवटापासून. म्हणजे पहिली पाळी टोकवाडीची. नदी ऐकत होती. खोटं बोलून चालणार नव्हतं आणि येसूला खरं सापडायला वेळ लागला. ती आधी रागावली, मग रडवेली झाली, मग तिला रायबाचा तो अवघडलेला पाय दिसला आणि ती हसली. हसू आलं ते थांबेचना.

"हरलो आम्ही," ती डोळे पुसत म्हणाली. "चांगले चौदा डोक्यांनी हरलो. पण आमचं ऐकून हरवलंत. कौल माझाही आहे."

नदीच्या आत कुठेतरी कड्ड असा आवाज झाला.

मग मडकेवाला म्हणाला, धनगर म्हणाले, राजधानी जराशी कुरकुरत म्हणाली. सोमाजीपंत म्हणाले. शास्त्र्यांनी 'आपला' या शब्दावर वाद काढला, पण शेजाऱ्यांनी ढोसल्यावर म्हणाले. सगळ्यांच्या शेवटी सिंहासन. तांबट त्याच्या पाठीवर जाऊन बसला.

"माझ्या कमळतळ्याला एक मत पडलं," तो म्हणाला, "आणि तेही माझं." सभा हसली. राजाला आजवर कोणी हसलं नव्हतं. त्याने मान तिरकी करून ते हसणं ऐकलं, आणि त्याला ते आवडलं. "गोठण्याचा कौल माझाही."

त्यासरशी नदी सुटली. मासा जो छपाक्कन पाण्यात पडला तो तडक समुद्राला लागला. सिंहासनाच्या अरुंद पाठीवर पक्षी असतो तेव्हा ठीक. तिथे एकदम साडेतीन हाती राजा आला, त्यामुळे तो मागच्या मागे धप्पकन जमिनीवर कोसळला. चार हातांनी त्याला उचललं. त्यातले दोन मडकेवाल्याचे होते. मांत्रिकाने घोंगडी झटकली, उरलेले हरभरे पाखरांना टाकले आणि तो निघून गेला.

पहिलं पाणी गोठण्याला गेलं. जनावरं प्यायली, डुंबली, पुन्हा प्यायली. दुसऱ्या दिवशी दुपारी बायजाक्काने आपल्या सभेत विचारलं की गुरांची पोटं भरली, आता उरलेला दीड दिवस आपण पाणी नुसतं बघत बसायचं का? गोठण्याने होकाराचे हात वर केले आणि पाणी टोकवाडीकडे सोडून दिलं. मांत्रिकाचे तीन दिवस व्हायचे होते, पण मांत्रिकाला कोणी विचारलं नाही.

टोकवाडीच्या कोरड्या पाटातून पाणी आलं ते पुढे वाळकी पानं आणि काटक्या ढकलत. येसू फावडं घेऊन धावली, दारं धरली, रायबाला खालच्या अंगाला उभं केलं. चिखलात दोघं गुडघ्यापर्यंत भिजली. चार आणे ज्वारी गेली, बारा आणे राहिली. गाव उठलं नाही. उलट कोपऱ्यावरच्या शेतकऱ्याने पाणी पोचायच्या आधीच पुढच्या पाळीवरून भांडण उकरून काढलं, आणि येसूने त्याला सांगितलं की भांड बाबा, सभेत भांड, जोरात भांड.

नदी अजून वाहते आहे. जसं त्या राज्यात मागच्या रांगेचं बोलणं पुढपर्यंत पोचलं, तसं तुमचंही पोचो; आणि कधी हरलात, तर असेच हसत घरी या.