वाटून घेतलेलं शुभवर्तमान

डोंगरापलीकडच्या एका गावात दोन भाऊ राहत. त्यांचं कशावरच एकमत होत नसे. एका गोष्टीवर मात्र झालं: बापाच्या माघारी घरातल्या प्रत्येक वस्तूची वाटणी झालीच पाहिजे, आणि तीही अगदी निम्मी-निम्मी.

गावाची रीतच तशी होती. सामाईक म्हणून काही ठेवायचं नाही. सामाईक म्हणजे भांडणाला आवतण. पंच बसले. उखळ थोरल्याला गेलं, मुसळ धाकट्याला. त्या दिवसापासून दोन्ही घरांतलं मिरची कुटणं बंद झालं. पण दुसऱ्याला आपल्यापेक्षा जास्त मिळालं नाही, याचं समाधान दोघांच्याही तोंडावर होतं.

बाप भला माणूस होता. प्रभू येशूच्या भजनासाठी त्याने एक लहानसं प्रार्थनाघर बांधलं होतं आणि त्यात एक घंटा टांगली होती. घंटा थोरल्याने नेली, घंटेतला लोळा धाकट्याने. थोरल्याची घंटा मुकी लोंबकळत राहिली, आणि धाकटा दर रविवारी लोळा परातीवर बडवू लागला.

शेवटी उरलं शुभवर्तमान. येशूची सगळी हकीकत त्यात लिहिलेली. बापाने ते परमुलखातून डोक्यावर वाहून आणलं होतं, आणि अख्ख्या गावात तेवढंच एक पुस्तक होतं.

"यात काय अडचण?" पंच म्हणाले. "मधोमध सुरी फिरवा."

"अहो, शास्त्र आहे ते!" कोपऱ्यातून बहीण ओरडली. थोरल्याच्या पाठची आणि धाकट्याच्या आधीची ही बहीण. नाव सालोमी, पण गाव तिला सालूबाई म्हणे.

"शास्त्र आहे म्हणूनच निम्मं-निम्मं," पंच म्हणाले. "शास्त्राच्या बाबतीत तरी कुणावर अन्याय नको."

"आणि मला काय?"

"तुला साडीचोळी. आणि आमचा आशीर्वाद."

साडीचोळी काही आली नाही. आशीर्वाद तेवढा जागेवर मिळाला.

सुरी फिरली ती नेमकी एका गोष्टीच्या पोटात. येशूचा मित्र वारतो आणि येशू त्याच्या बहिणींना भेटायला येतो, अशी ती गोष्ट. थोरल्याचं शेवटचं पान संपलं ते येशूच्या रडण्यावर. धाकट्याचं पहिलं पान सुरू झालं ते येशूने कबरेवरचा धोंडा सारायला सांगितला आणि मेलेल्या मित्राला हाक मारून बाहेर बोलावलं, तिथून.

झालं. एका प्रार्थनाघराची दोन झाली.

थोरल्याकडे लोक घरून दोन-दोन रुमाल घेऊन येत. तिथे बारशाला रडत, लग्नातही रडत. एकदा एक नवरदेव हसला, तर त्याला उभं करून सगळ्यांची माफी मागायला लावली. "आपला प्रभू माणूस होता रे," थोरला हुंदके देत सांगे. "आपल्यासारखाच दुःखात बुडालेला."

"पण दादा, त्या दुःखातून वर कसं यायचं?" कुणीतरी विचारी.

"ते शास्त्रात नाही," म्हणून थोरला पुन्हा रडायला लागे.

धाकट्याकडे उलटीच तऱ्हा. "प्रभू देव आहे!" तो गरजे. "देव कुठे रडतो का? रडतात ती दुबळी माणसं!" तिथे रडायला बंदी होती, तान्ह्या पोरांनासुद्धा दाराबाहेर ठेवत. मंडळी दिसेल त्याला हुकूम सोडत. बसल्या बैलाला "ऊठ!", तापाने फणफणलेल्याला "ऊठ!", खुडूक कोंबडीलाही "ऊठ!" त्यातली कोंबडी तेवढी उठे, आणि हुकूम देणाऱ्याला चोच मारून परत बसे.

खरं सांगायचं तर थोरल्याच्या पानांत चमत्कार भरपूर होते, आणि धाकट्याच्या पानांत येशूचं दुःखही होतं, त्याचं मरणही होतं. पण भांडणाऱ्या माणसाला फाटलेलं पानच तेवढं पाठ असतं.

"काय, तुमचा प्रभू अजून रडतोच आहे का?" विहिरीवर धाकट्याकडचे थोरल्याकडच्यांना विचारत.

"आणि तुमच्या प्रभूचा घसा नाही का बसला अजून?"

एका प्रभूचे दोन झाले होते, आणि गावात कुणाला त्याचं काहीच वाटत नव्हतं.

सालूबाईला वाटे. ती नवऱ्यासोबत एका रविवारी इकडे जाई, दुसऱ्या रविवारी तिकडे. नवरा घरं शाकारायचा. उभं आयुष्य छपरावर बसून काढलेला, हसरा गडी. "इकडे रडून भूक लागते, तिकडे ओरडून," तो म्हणे. "एकूण शास्त्र पोटाला चांगलं!"

एके दिवशी तो छपरावरून खाली आला तो ताप घेऊनच. आठवडाभर अंथरुणातून उठेना. धाकटा धावत आला आणि उशाशी उभा राहून गरजला, "दाजी, उठा!"

"उठलो असतो रे बाबा," दाजी क्षीण हसून म्हणाले, "पण तू माझ्या पांघरुणावर उभा आहेस."

मग थोरला आला आणि दारातूनच गळा काढू लागला. दाजी म्हणाले, "दादा, थोडं पाणी राखून ठेवा. मी अजून गेलो नाही."

पण ते गेले. हसवता हसवता गेले, आणि सालूबाईचं घर एकदम मुकं झालं.

कबर खणली. सगळा गाव जमला, अर्धा या बाजूला, अर्धा त्या बाजूला. थोरल्याने आपलं अर्धं शास्त्र उघडलं, शेवटचं पान वाचलं आणि तो रडू लागला. त्याच्यामागे त्याची मंडळी रडू लागली. आधी सालूबाईला बरं वाटलं. पण रडणं थांबेचना.

"दादा," ती म्हणाली, "यांची माझी पुन्हा भेट होईल का रे?"

थोरल्याने पान उलटलं. पुढे पानच नव्हतं. "माझ्याकडचं इथे संपतं गं, सालू," तो म्हणाला.

तेवढ्यात धाकटा पुढे सरसावला. "होईल भेट! नक्की होईल! आणि म्हणूनच डोळे पूस, ताई. रडणं म्हणजे अविश्वास. रडायचं नाही!"

"माझा नवरा गेलाय रे," सालूबाई म्हणाली. "आणि मी रडायचंही नाही?"

धाकट्याने आपलं पहिलं पान चाळलं. त्यात तिच्या रडण्याला कुठे जागाच नव्हती.

सालूबाई तशीच उकरलेल्या मातीच्या ढिगावर बसली. "पुरायचं नाही," ती म्हणाली. "आधी दोन्ही शास्त्रं इकडे आणा."

"त्याच्या हातात मी देणार नाही!" थोरला म्हणाला.

"मी तरी कुठे देतोय!" धाकटा म्हणाला.

"एकमेकांना नका देऊ. मला द्या." तिने पदर पसरला. "वाटणीत तुम्हाला तुकडे मिळाले, मला काहीच मिळालं नाही. आज माझा वाटा मागते. मला जोड द्या."

पंचांनी खाली पाहिलं. त्यांना बहुधा ती साडीचोळी आठवली असावी. एकेक करून दोन्ही अर्धुकं तिच्या पदरात पडली. सालूबाईने फाटलेल्या कडा एकमेकींना लावल्या, हाताने घट्ट धरल्या, आणि बापाने शिकवलं होतं तसं एकेक अक्षर लावत वाचू लागली. मित्राची बहीण रडत येते. तिचं रडणं पाहून येशूचा जीव कळवळतो आणि तो रडतो. इथे थोरल्याचं पान संपलं. सालूबाई थांबली नाही. येशू कबरेपाशी जातो, धोंडा सारायला सांगतो, मोठ्याने हाक मारतो. आणि मेलेला चालत बाहेर येतो.



"म्हणजे रडला तोच?" धाकट्याने हळूच विचारलं.

"आणि हाक मारली तीही त्यानेच?" थोरला म्हणाला.

"गळा एकच आहे," सालूबाई म्हणाली. "माणूस होऊन रडला तोच, आणि देव म्हणून हाक मारली तोच. तुम्ही त्यालाही उखळ-मुसळासारखं वाटून घेतलंत."

धाकट्याच्या डोक्यात अजून एक कुसळ सलत होतं. "पण ताई, क्षणात उठवणारच होता, तर रडला कशाला?"

सालूबाईने त्याच्याकडे पाहिलं. "कारण बहीण रडत होती."

धाकट्याच्या नाकातून एक विचित्र आवाज आला. जन्मात न रडलेला माणूस. त्याला रडायचं कसं तेही ठाऊक नव्हतं. थोरल्याने आपल्याकडचा दुसरा रुमाल पुढे केला. सवयीने दोन आणले होते, ते कामाला आले.

मग थोरला कबरेच्या तोंडाशी उभा राहिला. डोळे ओले, पण आवाज खणखणीत. "दाजी," तो म्हणाला, "शेवटच्या दिवशी तुम्हालाही हाक येईल!"

मागच्या रांगेतली एक म्हातारी टाचा उंचावून कबरेत डोकावू लागली. सालूबाई रडता रडता हसली. "आज नाही हो, मावशी," ती म्हणाली. "पण हाक मारणारा ओळखीचा आहे."

दुसऱ्या दिवशी मोच्याने मेणाचा दोरा घेऊन शुभवर्तमान शिवलं. शिवण जाड झाली, त्यामुळे पुस्तक आपसूक त्याच गोष्टीवर उघडू लागलं. लोळा घंटेत परत बसला. तो एवढ्या जोराने वाजला, की खुडूक कोंबडी कुणी न सांगता उठली. उखळात मुसळ पडलं आणि दोन्ही घरांत मिरची कुटली गेली. तेव्हा मात्र भावांच्या डोळ्यांत जे पाणी आलं, त्याला शास्त्राचा आधार नव्हता.

पंचांनीही सालूबाईकडे साडीचोळी धाडली. ती नेसून ती रविवारी पहिल्या रांगेत बसली आणि पोटभर रडली. तिला कुणी गप्प केलं नाही.

तात्पर्य: शास्त्रातलं सोयीचं तेवढंच पान जो धरून बसतो, त्याच्या हाती अर्धाच देव लागतो, आणि अर्धा देव ना आपल्याबरोबर रडत, ना आपल्याला उठवत.