म्हातारीच्या हातची घोंगडी

डोंगरातल्या एका राज्यात, जिथे भर उन्हाळ्यातही पहाटे घोंगडी लागायची, एक सासू, तिची सून आणि सुनेची लहानगी ठकू अशा तिघी राहत होत्या. ठकू पोटात असतानाच तिचा बाप तापाने गेला होता. घर चालायचं ते घोंगड्यांवर.

सासूच्या घोंगड्यांचं आसपासच्या गावांत नाव होतं. बाजाराच्या दिवशी ती घोंगड्या खांद्यावर टाकून निघायची. गिऱ्हाइकाने वीण उलटसुलट करून पाहिली की हळूच म्हणायची, “माझ्या हातची आहे.” सुनेचा विषय निघाला की मोठा उसासा टाकायची. हिला मागावरचा साधा धोटा धरता येत नाही, मी आहे म्हणून बसून खाते, असं सांगायची.

खरं तर लोकर पिंजण्यापासून चिंचोक्याची खळ लावेपर्यंत सगळं सूनच करायची. सासूची बोटं कधीचीच आखडली होती. पण बाजारात ती हात पदराखालीच ठेवायची, त्यामुळे ही गोष्ट दाराबाहेर गेली नव्हती. सुनेला त्याचं काय वाटायचं, हे तिला कुणी विचारलं नव्हतं.

एके दिवशी ओढ्यावर लोकर धुऊन सून परत येत होती. उतारावरून सरदाराची घोडागाडी भरधाव आली. गाडीवानाला डुलकी लागली होती. सून जागच्या जागी गेली.

राज्याचा एक कायदा होता. ज्याच्या गाडीखाली माणूस जाईल, त्याने त्या माणसाच्या घरच्यांना भरपाई द्यायची. किती द्यायची ते न्यायाधीश ठरवायचे, गेलेल्या माणसावर घर किती अवलंबून होतं ते पाहून.

न्यायालयाची तारीख येईपर्यंत मागावर अर्धी घोंगडी तशीच ताणलेली होती. सासू रोज तिच्यासमोर बसायची आणि उठायची. धान्याच्या कणगीचा तळ दिसायला लागला. ठकू तर आजीचा पदर झोपेतही सोडेना. आपण डोळे मिटले तर हिला कोण बघेल, हा विचार म्हातारीच्या मनातून जाईना. भरपाई मिळाली तर पोर तगेल, एवढाच काय तो धीर होता. तोही न्यायालयात पाय ठेवेपर्यंतच टिकला.

सरदाराचा कारभारी गोडबोल्या होता. त्याने साक्षीला बाजारातली गिऱ्हाइकंच बोलावली होती. खांद्यावर घोंगड्या घेऊन ती एकेक करून पुढे आली आणि अगदी प्रेमाने बोलली. म्हातारीच्या हाताला तोड नाही, म्हणाली. सून बिचारी काही कामाची नव्हती, हे आजींच्याच तोंडून ऐकलंय, म्हणाली. आपण म्हातारीची बाजू घेतोय, असंच त्यांना वाटत होतं.

कारभाऱ्याने हात जोडले. “महाराज, झालं ते वाईटच झालं. पण विणणारे हात घरात शाबूत आहेत. बसून खाणारी गेली, त्यात घराचं नुकसान ते काय झालं?”

सासूने हात पदराखाली आणखी आत ओढले. हे सगळे शब्द तिचेच होते.

न्यायाधीशांनी विचारलं, “आजी, हे लोक सांगतात ते खरं का?”

अख्खा बाजार तिच्याकडे कौतुकाने बघत होता. ती म्हणाली, “लोक म्हणतात खरं तसं.”

न्यायाधीशांनी लेखणी उचलली. म्हातारीच्या मांडीवर ठकू जांभई देत होती.

“थांबा, महाराज,” म्हातारी म्हणाली आणि तिने पदराखालचे हात बाहेर काढले. “मला घास नीट धरता येत नाही, धोटा कुठला धरू? सगळं तीच विणायची. मी नुसती बाजारात जाऊन बोलायचे.”

कारभारी हसला. “इतकी वर्षं खोटं बोललीस, मग आजचं खरं कशावरून?”

न्यायाधीशांनी त्याला गप्प केलं. लोकरीचा एक धागा मागवला आणि म्हातारीला गाठ मारायला सांगितली. धागा बोटांतून सुटला. तिने तो पुन्हा उचलला, पुन्हा सुटला. सांधे सुजून बोरांएवढे झाले होते. त्यांचं सोंग कोण आणणार? बघणाऱ्यांनीच माना खाली घातल्या. धागा बराच वेळ जमिनीवर पडून राहिला.

निकाल झाला. घोंगड्यांवर घरात जे येत होतं, ते ठकू मोठी होईपर्यंत सरदाराने द्यायचं.

बाहेर एक जुनं गिऱ्हाईक आडवं आलं. खांद्यावरची घोंगडी चाचपत म्हणालं, “म्हणजे आजी, आम्ही इतकी वर्षं भलत्याच माणसाचं कौतुक करत होतो म्हणायचं.”

“हो रे बाबा,” म्हातारी म्हणाली. “ते सगळं माझ्याकडेच राहून गेलंय. आता नेऊन देऊ कुणाला?”

तात्पर्य: ज्याचं श्रेय त्याला तो असतानाच द्यावं. माणूस गेल्यावर भरपाई घरच्यांना पोचते, कौतुक मात्र कुणालाच पोचत नाही.