तिसरा होकार

एका राज्यात राजा होणं सोपं होतं, सिंहासनावर बसणं मात्र अवघड. रीतच तशी होती. मुकुट डोक्यावर चढला, मंत्र म्हणून झाले, तरी नव्या राजाने अनवाणी बाजारात यायचं, पिंपळाच्या पारापुढे उभं राहायचं आणि जमलेल्या लोकांना तीनदा विचारायचं, “बसू का?” लोकांनी तीनदा म्हणायचं, “बसा, महाराज!” मग नगारे झडायचे, गूळ वाटला जायचा आणि राजा जाऊन बसायचा. ही रीत कोणी घातली, कधी घातली, कोणालाच ठाऊक नव्हतं.

सिंहकेतू राजाची पाळी आली. माणूस वाईट नव्हता हो, पण राग कायम नाकावर! पहिल्यांदा विचारलं, लोक म्हणाले, बसा. दुसऱ्यांदा विचारलं, लोक म्हणाले, बसा. तिसऱ्यांदा विचारलं मात्र, पुढेच उभी असलेली सगुणा कुंभारीण कमरेवर हात ठेवून म्हणाली, “थांबा जरा, विचार करते!” सगळा बाजार खो खो हसला. सगुणाही हसली. थट्टा झाली की ती ‘बसा’ म्हणणारच होती, पण राजा थांबेल तर ना! त्याचे कान लालबुंद झाले. पाठ फिरवून तो ताडताड निघाला आणि तिसरा होकार न घेताच सिंहासनावर जाऊन बसला.

बसला खरा, पण ते हसू काही कानातून जाईना. अशा वेळी दारात कोण उभं राहावं? घोरांग मांत्रिक!

“महाराज,” घोरांग म्हणाला, “मनुष्यजात मुळातच लबाड. धाक काढून घ्या, एकमेकांचे गळे धरतील. त्यांना विचारायचं काय? हा सोन्याचा दंड घ्या. जमिनीवर आपटून बोलाल ते झालंच पाहिजे.”

“मोबदला?”

“लोक कोणी न सांगता जे काही देतात, तेवढं माझं.”

राजाने मनाशी म्हटलं, न सांगता कोण कोणाला काय देतं? “दिला शब्द,” तो म्हणाला आणि दंड घेतला.

राजाला एक कन्या होती, शर्वाणी नावाची. राणी देवाघरी गेल्यापासून ती आजोळी वाढत होती. मोठी झाल्यावर वडिलांच्या ओढीने ती परत निघाली. सोबतीला एक साळुंकी होती. ही साळुंकी माणसासारखी बोलायची, आणि खरं सांगायचं तर माणसापेक्षा जरा जास्तच बोलायची.

वेशीवर पहारेकरी भर उन्हात घामाने निथळत उभा होता. हाताच्या अंतरावर झाडाची गार सावली होती. “भाऊ, सावलीत का नाही उभा राहत?” शर्वाणीने विचारलं.

“हुकूम नाही,” पहारेकरी म्हणाला.

पुढे एका घरात दूध उतू जात होतं आणि घरधनीण समोर बसून बघत होती. रस्त्यात एक पोर पडून रडत होतं आणि माणसं त्याला वळसा घालून चालली होती. शर्वाणीने धावत जाऊन त्याला उचललं, गुडघ्यावर फुंकर घातली. पोर तिच्याकडे बघतच राहिलं. असं कोणी करतं, हे ते विसरून गेलं होतं.

“अगं बाई,” साळुंकी म्हणाली, “इथे माणसं आहेत की मांडून ठेवलेली भांडी?”

एवढ्यात राजवाड्याच्या सज्ज्यातून घोगरा आवाज आला. “पानं वाढा! लेकरांना भरवा! पोट भरलं की थांबा!” हे शेवटचं सांगावंच लागे. एकदा राजा ते विसरला, तर सगळं गाव संध्याकाळपर्यंत लेकरांना भरवतच राहिलं होतं. पोरांची पोटं कशी तट्ट फुगली होती, काही विचारू नका!

शर्वाणी धावत वर गेली आणि दारातच थबकली. राजाचा उजवा हात सोन्याचा झाला होता. खांदा सोन्याचा, छातीही सोन्याची. प्रत्येक हुकुमासरशी सोनं थोडं वर चढत होतं.

“तात, टाका तो दंड!”

“मुठीलाच चिकटलाय, बाळ. आणि टाकला तरी काय? ही माणसं आपणहून घास उचलत नाहीत. माझा गळा सोन्याचा झाला की यांना जेवा म्हणणारंही कोणी उरणार नाही. मी पुतळा होईन आणि हे उपाशी मरतील.” राजाच्या डोळ्यांत पाणी आलं. “मला वाटलं होतं, न सांगता कोणी काही देतच नाही. सगळंच तर देत होते गं! ते गेलं आणि आपणहून काही करणंच गेलं.”

दंड पहिल्यांदा आपटला तेव्हा शर्वाणी राज्यात नव्हती, म्हणून ती मंत्रातून सुटली होती. तिने वडिलांच्या डाव्या हातावर, जो अजून ऊबदार होता, कपाळ टेकलं. त्यांच्याकडून सगळी हकीकत ऐकली आणि ती घोरांगाच्या डोंगराकडे निघाली.

डोंगराच्या पोटात गुहा होती. गुहेत रांजणच रांजण, सगळ्यांची तोंडं लाखेने बंद. कान लावला की आत अंगाई ऐकू येई, हसू ऐकू येई, ‘या, बसा, पाणी घ्या’ असं ऐकू येई. मधोमध घोरांग बसला होता. हे सगळं पिऊन पिऊन तो तरणाबांड झाला होता.

“हे ज्यांचं त्यांना परत द्या,” शर्वाणी म्हणाली.

“तीन कामं कर, रांजण आपोआप फुटतील. हा माझा शब्द. एक जरी चुकलं, तर तुझं हसूही माझ्या रांजणात.”

“कबूल. पहिलं काम?”

“पलीकडच्या माळावर बिनराजाची माणसं राहतात. त्यांचा एकच झरा आहे. शस्त्र न नेता, हुकूम न करता त्याचं लोटाभर पाणी आण. फाडून खातील तुला!”

शर्वाणी माळावर पोहोचली तर झऱ्याशी जुंपली होती. लाठ्या चालत होत्या, शिव्यांना तर गणतीच नव्हती. दोघांची डोकीही फुटली, खोटं कशाला सांगू? “घोरांग खरं बोलला बहुतेक,” साळुंकी कुजबुजली. “थांब,” शर्वाणी म्हणाली.

तेवढ्यात एक रांगतं मूल त्या मारामारीत शिरलं. सगळ्या लाठ्या जागच्या जागी थांबल्या. ज्याची लाठी सर्वांत उंच होती, त्यानेच ती टाकली आणि मुलाला उचलून ओंजळीने पाणी पाजलं. ते मूल त्याच्या वैऱ्याचं होतं. मग सगळेच जरा ओशाळले. कोणी म्हणालं, आधी लेकरं. कोणी म्हणालं, मग आजारी. आपली पाळी आधी की त्याची, यावरून पुन्हा कुरबूर झाली, तशी त्यांनी एका म्हातारीला पुढे केलं. “आजी, तू पाळी लाव, आम्ही ऐकू. पण लबाडी केलीस तर उठवू हं!” म्हातारीने पाळ्या लावल्या आणि पाहुणी म्हणून शर्वाणीचा लोटा आधी भरून दिला.

घोरांगाने लोट्याकडे पाहून नाक मुरडलं. “बरं. ही घे पुसणी. कोणत्याही कायद्याचं नाव घेऊन ही फिरवली की तो कायदा जगातून पुसला जातो. मला असा कायदा आणून दे, जो कोणा राजाने केला नाही आणि मी पुसू शकणार नाही.”

शर्वाणीने आधी पुसणीची परीक्षा घेतली. ‘छत्री फक्त राजाने धरावी’ हा पणजोबांच्या वेळचा कायदा होता. पुसणी फिरताच तो गेला. एक एक करून तिने बरेच पुसून पाहिले, सगळे गेले. दुपार झाली, ती रडकुंडीला आली.

“इथे कशाला पुसत बसलीस?” साळुंकी म्हणाली. “ज्याच्याकडे कायदा न्यायचाय तो स्वतः कशाच्या जोरावर एवढा माजलाय, ते बघ ना!”

शर्वाणी टाळी वाजवून उठली. घोरांगासमोर येऊन तिने पुसणी त्याच्याच हातात दिली. “हा घ्या कायदा. दिलेला शब्द पाळावा.”

घोरांग गडगडाटी हसला. त्याने पुसणी उचलली.

“पुसा खुशाल,” शर्वाणी म्हणाली. “पण तो गेला की माझ्या वडिलांनी तुम्हाला दिलेला शब्दही गेला. मग हे रांजण कोणाचे?”

पुसणी हवेतच थांबली. घोरांगाने रांजणांकडे पाहिलं, शर्वाणीकडे पाहिलं, पुन्हा रांजणांकडे पाहिलं. हात हळूहळू खाली आला. साळुंकीला एवढा आनंद झाला की तिने त्याच्या डोक्याभोवती घिरट्याच घातल्या.

“तिसरं काम,” घोरांग दात खाऊन म्हणाला. “राजाला सिंहासनावरून उतरव. बळ नाही, फसवणूक नाही, हुकूम नाही. आपल्या मनाने उतरून तो लोकांपुढे उभा राहतो का, तेच पाहतो मी!”

शर्वाणी परतली तेव्हा सोनं राजाच्या गळ्याशी येऊन टेकलं होतं आणि आता हुकूम नसतानाही हळूहळू चढत होतं.

“तात, बोलायला किती उरलंय?”

“एखादाच हुकूम,” राजा पुटपुटला. “‘जेवा’ म्हणेन. आजचा दिवस तरी जगतील.”

शर्वाणीला भडभडून आलं. “हुकूम नका करू, तात. विचारा. तिसऱ्यांदा विचारलंत, पण उत्तर ऐकायचं राहिलंय.”

ते जुनं हसू अजून राजाला टोचत होतं. “नाही म्हणाले तर?”

“तर मी तुमच्याजवळ उभी असेन.”

राजाने जोडे काढले. जड अंगाने एक एक पायरी उतरत, लेकीच्या खांद्यावर डावा हात टेकून तो बाजारात आला. लोक शेवटच्या हुकुमाने जिथे ठेवले होते तिथेच उभे होते. पारासमोर येऊन, होता नव्हता तेवढा आवाज गोळा करून राजाने विचारलं, “बसू का?” आणि त्याचे ओठ सोन्याचे झाले.

तिकडे डोंगरात धडाधड रांजण फुटले. इकडे पहारेकरी सावलीत पळाला. घरधनीण चुलीकडे धावली. आयांनी पोरं उचलून पटापट मुके घेतले, शेजारी शेजाऱ्याच्या गळ्यात पडला, कोणी रडलं, कोणी नाचलं. सगळा बाजार गजबजून गेला. आणि मग सगळ्यांना आठवलं. “यानेच आपल्याला बाहुल्या केलं!” कोणीतरी ओरडलं. नाचणारे जागीच थांबले. आता त्यांना हवं ते म्हणता येत होतं, नाहीसुद्धा. शर्वाणीने वडिलांचा हात घट्ट धरला.

गर्दीतून सगुणा कुंभारीण पुढे आली. तिने सोन्याच्या तोंडाकडे पाहिलं. मग खाली पाहिलं. राजाचे पाय धुळीने माखले होते आणि अंगठ्याला ठेच लागून रक्त आलं होतं. सगुणाने कमरेवर हात ठेवले.

“थांबा जरा,” ती म्हणाली, “विचार करते!”

मग सोन्याच्या आतून घुसमटलेला आवाज आला. राजाचं पोट हललं. अहो, राजा हसत होता! छातीच्या सोन्याला तडा गेला, कोणीतरी फिस्सकन हसलं आणि मग बाजार पहिल्यासारखाच खो खो हसत सुटला.

“बसा, महाराज,” सगुणा डोळे पुसत म्हणाली. “पण वेडंवाकडं वागलात तर इथेच अनवाणी उभं करू!”

“बसा, महाराज!” बाजार गरजला. सोनं खळखळ गळून पडलं, दंडासकट.

“कबूल,” राजा म्हणाला. त्याने लेकीला जवळ घेतलं आणि सगळ्यांदेखत हुंदके देऊन रडला. मग नगारे झडले, गूळ वाटला गेला.

गूळ वाटून होत आला तेव्हा वेशीतून एक जख्खड म्हातारा काठी टेकत आला. रांजणांवाचून घोरांगाचं तरुणपण उतरलं होतं. तो भुकेने कापत होता. सगुणाने त्याला ओळखलं, दोन शेलक्या शिव्या घातल्या आणि भाकरीवर पिठलं वाढून त्याच्यापुढे धरलं.

घोरांग भाकरीकडे बघतच राहिला. “तुला हे कोणी सांगितलं?”

“सांगायला कशाला लागतं?” सगुणा म्हणाली. “बस, जेव.”

तेव्हापासून त्या राज्यात राजाने तिसऱ्यांदा विचारलं की सगुणाच्या घरचं कोणीतरी ‘थांबा जरा’ म्हणतंच, आणि राजा थांबतो. साळुंकी पारावर बसून सगळ्यांना ही गोष्ट सांगते, स्वतःचं काम थोडं वाढवूनच सांगते. तिला थांब म्हणायची मात्र अजून कोणाची छाती झालेली नाही, म्हणून आपणच इथे थांबू.