डाव्या हाताचं जेवण

चीनच्या दक्षिणेला, नदीकाठी वसलेल्या एका लहानशा गावी एकदा एक विजेती आपल्या वृद्ध गुरूंच्या भेटीला आली. बॅडमिंटनच्या महिला एकेरीत ती दोनदा जगज्जेती झालेली होती. एकोणतिसाव्या वर्षी गुडघ्यांनीच हात टेकले, तेव्हा तिने खेळणं थांबवलं. आता प्रांताच्या मुलींच्या संघाची मुख्य प्रशिक्षक म्हणून तिची नेमणूक झाली होती आणि सोमवारी रुजू व्हायचं होतं. त्याआधी गुरुजींचा आशीर्वाद घ्यावा म्हणून ती आली होती. तिचं नाव मी सांगत नाही. विजेत्यांची नावं लक्षात ठेवायला जग समर्थ आहे.

गुरुजी अंगणात स्टुलावर बसून किटलीच्या वाफेवर जुनी शटलं धरत होते. वाफ लागली की वाकलेली पिसं पुन्हा ताठ होतात आणि टाकून द्यायचं शटल आणखी एक दिवस सरावाला चालतं. शिष्या लवून उभी राहिली. गुरुजींनी मान हलवून तिला बसायला सांगितलं.

तिने एक कागद त्यांच्यापुढे ठेवला. नव्या संघातल्या चौदा मुलींची ती यादी होती. अकरा जणींच्या नावांपुढे त्यांनी खेळायच्या स्पर्धा लिहिल्या होत्या आणि तिघींपुढे फक्त 'सराव-सोबती' एवढंच. तिथल्या संघांतली ही जुनी रीत. एखाद्या चांगल्या खेळाडूला निवडायचं, परदेशी प्रतिस्पर्ध्याचा खेळ तिच्या अंगात भिनवायचा आणि रोज तिला जाळीपलीकडे उभं करायचं. म्हणजे जिला जिंकायचं आहे तिला त्या खेळाची सवय होते. अशी सोबतीण स्पर्धेला जात नाही, आणि तिचं छायाचित्र कुठे छापून येत नाही.

"या तिघींचा खेळ कसा आहे?" गुरुजींनी विचारलं.

"नक्कल उत्तम करतात, गुरुजी. त्यातली धाकटी तर पंधरा दिवसांत कुणाचाही खेळ उचलते."

"मी त्यांच्या स्वतःच्या खेळाबद्दल विचारलं."

"तो अजून नीट पाहिला नाही."

गुरुजींनी कागदाची घडी घालून ती बाजूला ठेवली. "चल, जेवून घे आधी," ते म्हणाले. "मात्र आज काड्या डाव्या हातात धर."

आपल्याकडे कुणी डाव्या हाताने जेवू लागलं तर वडीलधारी माणसं डोळे वटारतात. त्या देशातही जेवणाच्या दोन काड्या उजव्याच हातात धरायला पोरांना शिकवतात. म्हणून शिष्या बुचकळ्यात पडली. पण गुरूंना उलट प्रश्न विचारायची तिला लहानपणापासून सवय नव्हती, आणि खरं सांगायचं तर तिच्या यशातला निम्मा वाटा याच सवयीचा होता.

भात होता, वाफवलेला मासा होता आणि उकडलेले शेंगदाणे होते. या बाईच्या मनगटाची कीर्ती अशी की शटल जाळीला घासून नेमकं हवं तिथे उतरायचं. त्याच बाईला आज एक शेंगदाणा उचलता येईना. काडीतून निसटलेला दाणा टेबलावरून टुणकन खाली गेला तेव्हा तिला हसू आलं. दुसरा गेला तेव्हा हसू आलं नाही. भात ओठांपर्यंत यायचा आणि मांडीवर सांडायचा. माशाचे काटे काढता काढता तिचं मनगट भरून आलं. अर्धा तास झाला तरी वाडगा अर्धाही रिकामा झाला नव्हता. गुरुजी मात्र समोर बसून सावकाश जेवत होते आणि तिच्याकडे पाहत होते.

शेवटी तिने काड्या खाली ठेवल्या. "माझं काही चुकलं असेल तर सांगा, गुरुजी. शिक्षा असेल तर कशाची, एवढं तरी कळू द्या."

"तुझ्यासमोर बसून असं कुणी जेवल्याचं आठवतं का तुला?"

ती नाही म्हणणार होती, पण दहा वर्षांपूर्वीची वसतिगृहातली खानावळ तिला आठवली. तिच्याच खोलीत राहणारी, तिच्यासमोर बसून जेवणारी रुईफांग आठवली. रुईफांगच्या स्वेटरवर रोज भात सांडलेला असायचा. बाकीच्या मुली हसायच्या, आणि हीसुद्धा हसायची. "कुक्कुलं बाळ झालीस का गं?" असं एकदा तिने विचारलंही होतं. रुईफांग त्यावर सगळ्यांबरोबर हसली होती आणि सरावाची घंटा झाली म्हणून अर्धं जेवण टाकून उठली होती.

"ती परदेशी डावखुरी तुला ओळीने तीनदा हरवून गेली होती," गुरुजी म्हणाले. "मी रुईफांगला बोलावून सांगितलं, डावखुरी हो. ती उजव्या हाताची, संघात चौथ्या क्रमांकावर. तिनं एवढंच विचारलं, किती दिवसांत? हात लवकर वळावा म्हणून ती डाव्या हातानं जेवायची, डाव्या हातानं लिहायची, वेणीसुद्धा त्याच हातानं घालायची. सात महिने. तू जगज्जेती झालीस. मग दुसरी एक उंच परदेशी डावखुरी पुढे आली, तेव्हा रुईफांग तिच्यासारखे उंचावरून स्मॅश मारायला शिकली. त्यात तिचा खांदा गेला. सहा वर्षांनी तिच्या स्वतःच्या निवडीचा दिवस आला, तेव्हा समितीनं लिहिलं की या मुलीला स्वतःचा असा खेळ नाही. त्यांनी खोटं लिहिलं नव्हतं. तो खेळ मी काढून घेतला होता."

शिष्येने मान खाली घातली. मग तिने विचारलं, "कसा होता तिचा खेळ?"

गुरुजींनी डोळे मिटले. "जाळीजवळ ती घाई करायची नाही. शटल जमिनीला टेकतंय असं वाटेपर्यंत थांबायची, आणि मग उचलायची. समोरची खेळाडू तोवर भलतीकडेच धावलेली असायची. असा खेळ मी नंतर पाहिला नाही. सहा वर्षं जाळीपलीकडे ती उभी होती आणि तुला कायम दुसरंच कुणीतरी दिसत राहिलं. तसं दिसावं, हेच मी शिकवलं होतं. तू शिष्या फार चांगली निघालीस, त्याचं मला आता वाईट वाटतं. यादी बदल असं मी म्हणत नाही. सोबती लागतातच. पण ज्याचा खेळ आपण मागून घेतो, त्याचा तो खेळ आधी एकदा डोळे भरून पाहावा. मी पाहिला होता, आणि पाहूनही मागितला. माझ्या पापाला निदान चेहरा आहे. तुला तर आपण काय घेतलं तेही माहीत नाही."

त्याच दुपारी शिष्या बस धरून शहरातल्या बसस्टँडमागच्या गल्लीत गेली. तिथे रुईफांगचं रॅकेटला तारा भरून देण्याचं दुकान होतं. चार वर्षांत तिथे जावं असं तिच्या मनातही आलं नव्हतं. रुईफांग डाव्या हाताने तार ओढत होती. तिने वर पाहिलं आणि ती मोकळेपणाने हसली.

"तू? ये, बस. गुडघे कसे आहेत?"

विजेतीने बसमध्ये पुष्कळ जुळवाजुळव केली होती. त्यातलं एवढंच बाहेर आलं, "पदक घेताना मी सगळ्यांचे आभार मानले होते. तुझं नाव घेतलं नाही."

"बघितलं ना मी, वसतिगृहाच्या टीव्हीवर. शेवटचा पॉइंट तू माझ्याच स्मॅशवर घेतलास. म्हणजे त्या उंच मुलीच्या." रुईफांगने तारेला गाठ मारली. "मला आनंद झाला होता, खोटं कशाला सांगू. नंतर रडलेही थोडी."

"माझ्याशी खेळशील? तुझा खेळ, उजव्या हाताने. मला पाहायचाय."

रुईफांग हात पुसून उठली. दुकानामागच्या मोकळ्या जागेत गल्लीतल्या पोरांनी दोरी बांधलेली होती. तिच्या दोन बाजूंना दोघी उभ्या राहिल्या. रुईफांगने रॅकेट उजव्या हातात घेतली आणि बोटं दोनतीनदा उघडून मिटून पाहिली. विजेतीने दोरीजवळ एक हलकं शटल सोडलं. रुईफांग थांबली. गुरुजींनी सांगितली होती तशीच, जराही घाई न करता. शटल खाली येत राहिलं, ती थांबून राहिली, आणि अगदी शेवटच्या क्षणी ती वाकली तेव्हा रॅकेट तिच्या डाव्या हातात होती. ती कधी तिकडे गेली ते तिलाही कळलं नव्हतं. शटल जमिनीवर पडलं.

"आता हाच हात पुढे येतो गं," रुईफांग म्हणाली. आवाजात तक्रार नव्हती.

विजेतीने शटल उचलून पुन्हा टाकलं. पुन्हा तेच झालं. ऊन कलेपर्यंत ती शटल टाकत राहिली, आणि जो खेळ पाहायला ती आली होती तो काही तिला दिसला नाही.

सोमवारी ती रुजू झाली. यादीतल्या त्या तिघींना तिने आधी बोलावलं आणि स्वतः बाकावर जाऊन बसली. त्यांतली धाकटी रॅकेट घेऊन पुढे आली आणि अदबीने म्हणाली, "मॅडम, आज कुणासारखं खेळायचं?"

"आज मला तुझा खेळ बघायचाय."

"माझा?" पोरीने विचारलं, आणि आपलं काही चुकलं की काय अशा नजरेने ती इतर दोघींकडे पाहू लागली.

आज जेवायला बसाल तेव्हा समोरचं माणूस कसं जेवत आहे, तेवढं जरा पाहा.