नवबुरुजाचा अडसर

“...मग एवढं मोठं राज्य एका सकाळीत गेलं, ते कुणामुळे? तुम्हीच सांगा, बाबा.”

खेळोजी उभ्यानेच विचारत होता. बसायला सांगितलं होतं, पण राजघराण्यातल्या माणसानं फकिराच्या घोंगडीवर बसावं की नाही, हे त्याचं अजून ठरत नव्हतं.

दादनशाह फकीर लसूण सोलत होते.

“गेलं खरं,” ते म्हणाले.

“कुणामुळे?”

“तुमच्या आजोबांमुळे.”

खेळोजीनं मान खाली घातली...

हे उत्तर तो लहानपणापासून ऐकत आला होता. एके काळी समुद्रापासून गोदावरीपर्यंत सातशे गावांवर नवबुरुजाचा हुकूम चालायचा. साठ वर्षांपूर्वी शहराला वेढा पडला. नवव्या महिन्यात, एका सकाळी, त्याचे आजोबा रुद्राजीराजे यांनी वेशीचा अडसर स्वतः काढला, दोन्ही दारं सताड उघडली आणि ते अनवाणी चालत शत्रूच्या छावणीत गेले. पुढे कैदेतच वारले. भाटांनी त्यांचं नाव कवनांतून गाळलं. घराणं परमुलखात जाऊन राहिलं; तिथे घरातही ते नाव कुणी मोठ्यानं घेत नसे.

“तो डाग मी धुणार,” खेळोजी म्हणाला. “चिंचेखाली माझे चाळीस स्वार आहेत. माझ्या माणसांनी वेशीला कालच नवी दारं बसवली. सुभेदाराची फौज चार दिवसांवर आहे. आता फक्त अडसर हवा, आणि तो जुनाच हवा. आजोबांनी काढला, मी परत घालणार. आणि तुमचा शब्द हवा. तुम्ही नुसतं ‘हो’ म्हणालात तर गावातले दोनशे गडी माझ्या मागे उभे राहतील.”

“चाळीस आणि दोनशे. आणि समोर?”

“पाच हजार असतील.”

“मग?”

“मरू. पण दार लावून मरू.”

लसणाच्या पाकळ्या वाटीत पडत राहिल्या...

“अडसर आहे,” फकीर म्हणाले. “न्या. तुमच्याच घरचा आहे. चला, दाखवतो.”

इतक्या सहज होकार मिळेल असं खेळोजीला वाटलं नव्हतं. भांडायची तयारी करून आलेल्या माणसाची अशा वेळी मोठी पंचाईत होते. तो मुकाट्यानं मागून चालू लागला.

वेशीच्या आत दोन दगडी खांबांवर तो सागवानी अडसर आडवा ठेवलेला होता. माणसाच्या मांडीएवढा जाड. मधला भाग हात लागून लागून काळा तुळतुळीत झाला होता. तिथेच एक झोळी टांगली होती. झोळीत तान्हं मूल झोपलं होतं आणि त्याची आई सगुणा डोक्याला फडकं बांधून शेजारी बसली होती.

“हे काय?”

“गावची रीत,” फकीर म्हणाले. “कुणाचंही मूल असो, बाराव्या दिवशी ते या अडसराखाली झोपवायचं. मग त्याचं नाव ठेवायचं.”

“कुणी घातली ही रीत?”

“माझ्या आईनं.”

खेळोजीनं त्यांच्याकडे पाहिलं.

“त्या सकाळी मी बारा दिवसांचा होतो,” फकीर म्हणाले. “आत लोक चामडं उकळून खात होते. आईला दूध नव्हतं. राजे आले, अडसर काढला, या खांबांवर ठेवला आणि गेले. उघड्या दारातून सगळ्यात आधी कोण आत आलं, ठाऊक आहे? एक शेळी. चरत चरत आली. आईनं तिचं दूध मला पाजलं आणि ओढणीची झोळी करून इथे बांधली. मी झोपलो. त्याआधी नुसता रडत होतो म्हणे.”

तेवढ्यात सरपणाची मोळी घेतलेला एक म्हातारा वेशीतून आत आला. जाता जाता त्यानं झोळीला हलका झोका दिला.

“रुद्राजीराजांची कृपा,” तो म्हणाला आणि पुढे गेला.

खेळोजी दचकला. “काय म्हणाला तो?”

“झोका देताना तसं म्हणायचं असतं. सगळेच म्हणतात.”

“सगळे?”

“साठ वर्षं...”

तीस वर्षांच्या आयुष्यात आजोबांचं नाव कुणी असं, चारचौघांत, हसऱ्या तोंडानं घेतलेलं खेळोजीनं ऐकलं नव्हतं. त्यानं तोंड फिरवलं, पण उपयोग झाला नाही. डोळ्यांतून पाणी आलंच.

तरी हट्ट एवढ्यानं सुटत नाही.

“अडसर न्यावा लागेल,” तो बसक्या आवाजात म्हणाला.

“न्या की, राजे,” सगुणा म्हणाली. “तुमचाच आहे. फक्त हिला उठू द्या. आत्ताच डोळा लागलाय.”

खेळोजी थांबला. पाच हजारांच्या फौजेपुढे उभा राहायला निघालेला माणूस बारा दिवसांच्या पोरीच्या झोपेसाठी थांबला.

थोड्या वेळानं पोरगी चुळबुळ करू लागली.

“जरा दोरी धरता?” सगुणा म्हणाली. “मी घोटभर पाणी पिऊन येते.”

त्यानं दोरी हातात घेतली. आधी घोड्याचा लगाम आवळावा तशी आवळून धरली. मग हात सैल झाला. झोळी हलू लागली... त्याचे ओठ हलले. काय म्हणाला ते ऐकू आलं नाही, पण फकिरांना ते कळलं. त्यांनी डोळे मिटून छातीवर हात ठेवला.

स्वारांचा म्होरक्या शिदोजी भाला घेऊन धावत आत आला.

“राजे, जासूद आलाय. फौज दोन दिवसांवर आली. दारं लावायची ना?”

खेळोजीनं वर पाहिलं नाही. झोळी हलतच होती.

“राजे, मी विचारतोय, दारं...”

दादनशाहांनी ओठांवर बोट ठेवलं.

“हळू बोल, बेटा,” ते म्हणाले. “राजे राज्य करताहेत.”