अर्ध्या गोष्टीवर थांबलेला समुद्र

फार जुनी गोष्ट आहे. समुद्राला कान होते, त्या काळातली.

तेव्हा एका किनाऱ्यावर कोळ्यांचं लहानसं गाव होतं. तिथला समुद्र गोष्टीवर चाले. ऊन कललं की गावचा कथेकरी धाकूबाबा खडकावर जाऊन बसे आणि समुद्राला गोष्ट सांगे. गोष्टीत वरात निघाली की लाटा नाचत येत. गोष्टीत कुणी बाळाला निजवलं की पाणीही निजे. गोष्ट संपली की भरती ओसरे आणि होड्या मासळीला निघत. मात्र सांगणाऱ्याच्या मनाला जे पटत नसे, ते समुद्रालाही पटत नसे. खोटी गोष्ट तो ऐकून घेई, पण जागचा हलत नसे.

धाकूबाबाला एकच लेक होती, येसू. तिची आई लवकर गेली, म्हणून ती बापाच्या गोष्टींवरच वाढली. पुढे पैलतीरावर तिचं लग्न झालं. एकदा ती माहेरपणाला आली, चार दिवस राहिली आणि परत सासरी निघाली. तिला पोचवायला गावचा नावाडी नवशा आपली होडी घेऊन निघाला.

होडी खाडीचं तोंड ओलांडून पुढे गेली आणि आभाळ फाटलं. वादळाला कान नसतात, ते कुणाच्या गोष्टीनं थांबत नाही. निदान लाटा तरी आवराव्यात म्हणून धाकूबाबा धावत खडकावर गेला आणि त्यानं त्याच होडीची गोष्ट सांगायला घेतली. एक होडी होती, तिच्यात एक माहेरवाशीण होती, होडी मोठ्या लाटेवर चढली... इतक्यात दूरवर डोलकाठी मोडली. होडीचा तळ उकललेला त्याला दिसला. पुढे काय होणार हे त्याला कळलं आणि त्याच्या तोंडून शब्द फुटेना.

समुद्रही तिथेच थांबला.

वादळ निघून गेलं. पण दूर, आभाळ टेकतं तिथे, ती लाट उभीच्या उभी राहिली आणि तिच्या माथ्यावर ती होडी, ठिपक्याएवढी. गावातले लोक तिला आणायला गेले. पण जितकं वल्हवावं, तितकी ती लांबच राही. हात भरून आले तसे ते माघारी फिरले.

धाकूबाबा रोज खडकावर बसे आणि सांगे, होडी सुखरूप किनाऱ्याला लागली. समुद्र ऐके, पण हलत नसे, कारण सांगणाऱ्यालाच ते पटत नव्हतं. मग तो त्या ठिपक्याकडे बघत राही. लेक अजून बुडाली नाही, एवढंच त्याला पुरे होतं.

गावाला मात्र ते पुरत नव्हतं. भरती नाही, ओहोटी नाही. साचल्या पाण्यावर शेवाळ धरलं. मासळी खोल गेली ती वर आलीच नाही. जाळी वाळून काठीसारखी कडक झाली. लोक पेजेत सुकटीचा चुरा टाकून दिवस काढू लागले. गावच्या पाटलानं येऊन विनवलं, मग रागावूनही पाहिलं. दुसऱ्या कुणी ती गोष्ट पुरी करून बघितली, पण ज्यानं आरंभली होती त्याच्याशिवाय समुद्र कुणाचं ऐकेना. धाकूबाबाचं सगळ्यांना एकच उत्तर असे. पोटच्या पोरीला मी माझ्या तोंडानं बुडवू का?

शेवटी एक दिवस नवशाची आई, म्हातारी गोमाई, खडक चढून आली. दम खात त्याच्याशेजारी बसली. तीही त्या ठिपक्याकडे बघू लागली.

"धाकूभाऊ," ती म्हणाली, "त्या होडीत माझाही लेक आहे."

धाकूबाबानं मान वळवली. इतक्या दिवसांत ही गोष्ट त्याच्या मनात एकदाही आली नव्हती.

"सून रोज कुंकू लावायला बसते, आणि बोट कपाळाशी जाऊन थांबतं तिचं," गोमाई सांगत होती. "त्याच्या नावानं पाणी सोडावं, तर तो समोर दिसतो. हाक मारावी, तर येत नाही. मला माझ्या पोरासाठी रडायचं आहे रे. तू रडू देत नाहीस."

"माझ्यानं सांगवणार नाही, गोमाई."

"मी बसते ना शेजारी."

ऊन कललं. गोष्ट जिथे तुटली होती तिथून धाकूबाबानं उचलली. होडी मोठ्या लाटेवर चढली, तो म्हणाला. डोलकाठी मोडली. नवशानं शेवटपर्यंत वल्हं सोडलं नाही. येसूनं माहेराकडे तोंड केलं. आणि होडी बुडाली. हे अखेरचे शब्द इतके हळू आले की गोमाईलाही नीट ऐकू गेले नाहीत. समुद्राला गेले.

लाट वाकली. ठिपका दिसेनासा झाला. मग किनाऱ्यावरचं शेवाळ हललं, पाण्याला श्वास फुटला आणि भरती आली. त्या भरतीनं दोघांना वाळूवर आणून ठेवलं. धाकूबाबानं लेकीच्या केसांतली वाळू बोटांनी झाडली, आणि झाडता झाडता तो पहिल्यांदा रडला. गोमाई रडली. नवशाच्या बायकोनं हंबरडा फोडला, आणि कितीतरी दिवसांनी तिला झोप लागली.

त्या दिवशी गावात चूल पेटली नाही. पुढे मासळी आली, होड्या निघाल्या, पोरं पोटभर जेवू लागली. धाकूबाबा पुन्हा खडकावर बसू लागला, पण वरातीची गोष्ट त्यानं परत कधी सांगितली नाही. त्या किनाऱ्यावर लाटा अजून हळूच येतात आणि हळूच परत जातात.

तात्पर्य : दुःखाची गोष्ट शेवटपर्यंत सांगावीच लागते; अर्धी धरून ठेवली, तर आपल्याबरोबर इतरांचेही अश्रू अडून राहतात.